चष्मेवाले यंदाही गातात

दवाखान्याच्या बाकावर बसलेल्या त्या माणसाचा खिसा शिट्टी मारत होता.

बारीक, लांबलचक, कानात सुई टोचावी अशी शिट्टी... कुईंऽऽ. समोरच्या दोन बायका एकमेकींकडे बघून पदराआड हसल्या. नाव पुकारायला बसलेल्या वनाने खुर्चीखाली, टेबलाखाली वाकून बघितलं. आणि तो माणूस? तो निवांत खिडकीबाहेरच्या कडुनिंबाकडे बघत बसला होता. जणू सगळ्या जळगाव शहरात त्याच्याइतका सुखी माणूस नाही.

दिपमाला तपासणीच्या खोलीतून बाहेर आली. कान तपासणं आणि ऐकायची मशिनं बसवणं हे तिचं रोजचं काम. ही शिट्टी कसली ते तिला लगेच कळलं. चालू राहिलेलं मशीन मुठीत किंवा खिशात दाबलं गेलं की ते असं कोकलतं.

ती त्याच्यासमोर जाऊन उभी राहिली. "अहो... तुमचा खिसा शिट्टी मारतोय."

त्याने वर पाहिलं. सावळा चेहरा, उन्हाने रापलेला. डोळ्यांत हसू आधीच येऊन बसलेलं.

"कोणाला?" त्याने विचारलं.

बायका आता उघडच हसल्या. दिपमालाच्या कानाच्या पाळ्या तापल्या. तिने हात पुढे केला. "द्या इकडे ते मशीन."

"आईचं आहे. अधूनमधून बंद पडतं म्हणते," तो खिशातून मशीन काढत म्हणाला. "पण शिट्टी कुठे वाजतेय? मला तर..."

मशीन त्याच्या तळहातावर होतं, कोकलत होतं. दिपमाला त्याच्या तोंडाकडे बघत राहिली. तो थट्टा करत नव्हता. त्याला खरंच काही ऐकू येत नव्हतं.

"जरा आत या," ती म्हणाली. तिचा आवाज आपोआप हळू झाला होता.

प्रशील त्याचं नाव. धुळ्याच्या एका कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवायचा आणि सुट्टी मिळाली की जळगावमार्गे रावेरकडून वर सातपुड्यात, पालच्या जंगलात जायचा. कशाला, तर चष्मेवाला ऐकायला.

"चष्मेवाला म्हणजे?"

"चिमणीहून लहान पक्षी. हिरवट पिवळा. डोळ्याभोवती पांढरंशुभ्र कडं, म्हणून चष्मेवाला. डोंगरातल्या झाडांत थव्याने फिरतो आणि फाल्गुन लागला की नर गायला लागतो. इतकं बारीक, इतकं गोड गाणं..." तो थांबला. "पण यंदा गातच नाहीत हो. पक्षी दिसतात, चोच हलते, गळा फुगतो, आणि गाणं नाही. मी तर लिहायलाच घेतलंय, की सातपुड्यातले चष्मेवाले गप्प होताहेत."

दिपमालाने त्याला काचेच्या खोलीत बसवलं, कानांवर हेडफोन चढवले, हातात बटण दिलं. आवाज आला की दाबायचं. जाड आवाजांना तो पटापट दाबत होता. आवाज बारीक होत गेले तसा त्याचा अंगठा थांबला. तिने आवाज वाढवला, आणखी वाढवला. काचेपलीकडे तो शांत बसून वाट बघत होता... आवाज कधी येतो त्याची.

मग शब्दांची पाळी. ओठ दिसू नयेत म्हणून तोंडासमोर कागद धरून ती म्हणायची, त्याने तेच परत म्हणायचं.

"माती."

"माती."

"साखर."

"...वावर?"

"फूल."

"कागद खाली घ्या ना जरा, मॅडम," तो म्हणाला. "कागद काय छान दिसतोय असं नाही."

तिला हसू आलं, पण ते टिकलं नाही. पुढ्यातल्या आलेखावरची रेघ कड्यावरून दगड सुटावा तशी खाली गेली होती.

तिने त्याला समोर बसवलं. हे काम तिला नवीन नव्हतं. म्हाताऱ्या माणसांना ती रोज सांगायची. पण हा तिशीतला होता, आणि त्याचं सगळं आयुष्य त्या बारीक आवाजांतच होतं.

"सर," ती म्हणाली, "पक्षी गप्प झालेले नाहीत."

तो तिच्याकडे बघत राहिला. मग हळूच म्हणाला, "आईचंही असंच सुरू झालं होतं. आधी घंटी गेली, मग पाखरं... मग माणसं."

दाराशी जाऊन तो वळला. तोंडावर हसू होतं, पण ते आता डोळ्यांत नव्हतं. "म्हणजे ते गातात ना? बरं झालं. मी उगीच त्यांच्या नावाने रडत होतो."

*

पुढच्या आठवड्यात तो पुन्हा आला. खिसा गप्प होता.

"एक विचारू? रागावू नका. या गाण्यांच्या मोसमात मला कोणाचे तरी कान हवेत. पक्षी मी शोधीन, यंत्रावर आवाज मी टिपीन. गाणं कधी सुरू झालं, कधी थांबलं, एवढंच कोणीतरी सांगायचं."

"तुमचे विद्यार्थी?"

"ते जंगलात मोबाईल ऐकतात."

पिंप्राळ्यातल्या घरी तिने नानांना विचारलं. नाना म्हणजे तिचे वडील, अमृत पाटील. मूळ जामनेरकडचे, एस.टी.त ड्रायव्हर होते. आता घरी बसून कंटाळलेले. ते म्हणाले, "एकटी कशाले जातीस? मी गाडी काढतो. मलेबी पाखरं दिसतात."

आई, प्रमिलाबाई, पोळी लाटता लाटता म्हणाली, "आडनाव काय म्हणे त्या सरांचं?"

दिपमालाने सांगितलं. आईचं लाटणं क्षणभर थांबलं. नानांनीही ऐकलं आणि गाडीत हवा भरायला गेले.

आणि मग ते रविवार सुरू झाले...

पळस पेटलेला, मोहाचा गोडसर वास, सागाच्या वाळल्या पानांवर पाय पडला की सगळं जंगल जागं होईल असा आवाज. प्रशील पुढे, दुर्बीण लावून. मागे दिपमाला. आणि सर्वांत मागे नाना, खांद्याला चहाचा थर्मास.

पहिल्यांदा तिला गाणं ऐकू आलं तेव्हा ती जागच्या जागी खिळली. तिने हात वर केला. ठरलंच होतं तसं. गाणं सुरू झालं की हात वर, थांबलं की खाली. प्रशील तिच्या हाताकडे बघायचा, मग पक्ष्याच्या फुगलेल्या गळ्याकडे, मग पुन्हा तिच्याकडे. पक्ष्यापेक्षा तिच्याकडेच जास्त... असं तिला वाटायचं. मग ती स्वतःलाच दटावायची – वेडी आहेस, तो हात बघतोय!

"दिसतोय का?" ती विचारायची.

"दिसतोय. कानात झुमका आहे आज."

"पक्षी हो, सर!"

"हां, पक्षी... पक्षीही दिसतोय."

दुपारी तिघं ओढ्याकाठी जेवायला बसत. कळण्याची भाकरी, ठेचा, भरीत. नाना प्रशीलच्या डब्यातली भाकरी मोडून घ्यायचे, आपल्या डब्यातलं भरीत त्याच्या ताटलीत वाढायचे. त्याला एस.टी.च्या गोष्टी सांगायचे. मोठ्याने, तोंड त्याच्याकडे करून, एकेक शब्द सुटा. असं बोलायचं हे त्यांना कोणी शिकवलं नव्हतं. एकदा तर चष्मेवाल्याचं घरटंच त्यांनी शोधलं. दोन फांद्यांच्या बेचक्यात कोळ्याच्या जाळ्याने विणलेली, वाटीएवढी इवली झोळी. "सर! ओ सर! इकडे या लवकर!" म्हणत ते लहान पोरासारखे नाचले होते.

घरी येताना गाडीत ते म्हणाले, "हिरा हाये पोरगा. हिरा."

दिपमाला खिडकीबाहेर बघत हसली. केळीच्या बागा मागे पळत होत्या.

चैत्र सरत आला तेव्हाची गोष्ट. नाना ओढ्यावर तोंड धुवायला गेले होते. प्रशील यंत्र आवरत होता. आता त्याच्याही कानांत मशिनं होती. माणसं बरी ऐकू येत, पण ते बारीक गाणं काही परत आलं नव्हतं. डॉक्टरांनी सांगितलं होतं, राहिलेलंही जाईल, किती वेगाने ते सांगता येत नाही.

"एक सांग," तो म्हणाला. 'अहो' केव्हाच गळून पडलं होतं. "ते गाणं कसं असतं? मी विसरत चाललोय. तू सांग तुझ्या शब्दांत."

दिपमालाने विचार केला. "सुरुवात कळतच नाही. इतकं हळू सुरू होतं, की... मग एकदम लक्षात येतं, अरे, हे तर केव्हापासून चाललंय! तोवर ते सगळीकडे भरून गेलेलं असतं."

"हो," तो म्हणाला. "माझंही अगदी तसंच झालं."

"पण तुला तर ऐकूच येत नाही."

"मी पक्ष्याबद्दल बोलत नाहीये, दिपमाला."

ओढ्याचं पाणी दगडावरून घरंगळत होतं. तिने मान खाली घातली... मग आठवलं, मान खाली घातली तर त्याला ओठ दिसणार नाहीत. तिने चेहरा वर केला.

"माझंही," ती म्हणाली.

त्याने तिच्या कपाळावर आलेलं मोहाचं वाळकं फूल उचललं. एवढंच. तेवढ्यात लांबून, पाण्याच्या आवाजाआडून नानांचा हलकासा खाकरण्याचा आवाज आला. तो तिलाच ऐकू आला, आणि ती गडबडून दूर झाली तेव्हा प्रशील गोंधळून बघत राहिला – काय झालं?

नानांना मात्र सगळं दिसलं होतं.

*

त्या दिवशी नानांनी गाडी कुठेही न थांबवता घरी आणली. दोन दिवसांनी अंगणात तिला जवळ बसवून म्हणाले,

"पोरात खोट नाही. खोट माह्यात हाये, बेटा. गावाकडे माहे भाऊ हायेत, भावांच्या पोरी लग्नाच्या हायेत. उद्या त्यांच्या दारात कोनी उभं राहनार नाही. माह्यात तेवढी धमक नाही."

"नाना, तुम्ही त्याच्या डब्यातलं जेवलात..."

"जेवलो. उद्याबी जेवीन." त्यांचे डोळे भरून आले. "पन सोयरीक वेगळी."

"मग त्याला काय सांगू?"

"तू नको सांगू. मी सांगतो. फोनवर नाही, मागून नाही. त्याच्या घरी जाऊन, त्याच्या मायसमोर सांगीन. तेवढा तरी त्याचा मान हाये."

दिपमालाने प्रशीलला निरोप टाकला – नाना येताहेत, नाही म्हणायला. मी पण येते. उशिराने उत्तर आलं – आईला हे सांगायचं माझ्याने होत नाही. येऊ दे त्यांना.

धुळ्याला ते पोचले तेव्हा गल्लीतच मांड्यांचा वास येत होता. प्रशीलच्या आई, सविताबाई, सकाळपासून खापरावर पुरणाचे मांडे करत होत्या. पुष्कळ वर्षं त्या अंगणवाडीत पोरांना गाणी शिकवायच्या. मग कान गेले. पाहुणे येणार एवढंच त्यांना ठाऊक होतं, आणि मुलीचा बाप स्वतः येतो म्हणजे कशासाठी येतो, हे काय कोणाला सांगावं लागतं?

"या भाऊ, या! तुम्ही स्वतः उनात, माले भलतं बरं वाटनं." त्यांनी दिपमालाचा चेहरा दोन्ही हातांत धरला. "हाईच ना ती? गोड शे व माय!"

प्रशील भिंतीला टेकून उभा होता. दिपमालाने त्याच्याकडे पाहिलं. त्याने नजर चुकवली.

मांडे वाढले. नाना जेवले. मान वर न करता, पान स्वच्छ करून. हात धुऊन बसले आणि बोलायला लागले.

"ताई, मी... मले माफ करा. आमच्याकडून हे जमनार नाही."

सविताबाई हसून मान हलवत होत्या. "हां, हां. बठ्ठं तुमना मनप्रमानेच करूत. तारीखबी तुम्हीच काढा."

त्यांचं मशीन बंद पडलं होतं. नाना खाली बघून बोलत होते, त्यामुळे ओठही दिसले नव्हते. सविताबाईंनी कपाटातून एक मोरपंखी साडी काढली आणि दिपमालाच्या मांडीवर ठेवली.

नानांनी रुमालाने तोंड पुसलं. "बेटा," ते कसेबसे म्हणाले, "त्यायचं मशीन बघ."

दिपमालाच्या पर्समध्ये सेल असायचेच. आजवर किती कानांत तिने आवाज घातला होता! नातवंडांचे आवाज, देवळाच्या घंटा, कुकरच्या शिट्ट्या. माणसं आनंदाने रडायची. तिने सविताबाईंच्या कानामागचं मशीन काढलं, जुना सेल काढला. नवा सेल चिमटीत धरला. एकदा तिने प्रशीलकडे पाहिलं – नको घालू का? राहू दे का यांना असंच, अजून थोडा वेळ?

त्याने डोळे मिटून मान हलवली. घाल.

तिने सेल घातला.

"येतंय का ऐकू, आई?" तिच्या तोंडून 'आई' निघून गेलं.

"ऐकू येस, माय! तुना आवाज किती बारीक शे!" सविताबाईंचा चेहरा उजळला.

आणि मग नाना परत बोलले. तेच शब्द. या वेळी मान वर करून.

सविताबाईंचं हसू एकदम गेलं नाही. हळूहळू गेलं. त्यांनी आधी मुलाकडे पाहिलं, मग दिपमालाकडे, आणि मग नानांच्या रिकाम्या ताटाकडे.

"भाऊ," त्या शांतपणे म्हणाल्या, "जंगलमां तुम्ही मना पोऱ्यानी भाकर खाधी. आज मना हातना मांडा खाधा. बठ्ठं चालस. फक्त पोर देनं चालत नही. हाई आमले नवं नही शे."

नाना उठले. सविताबाईंना हात जोडले आणि बाहेर गाडीत जाऊन बसले.

दिपमाला साडी परत द्यायला गेली. सविताबाईंनी ती तिच्या हातातच दाबली. "ऱ्हाऊ दे. पन रडत येवाले नको, माय. रडत येनारी सून माले नको. हासत येशी तव्हय ये."

प्रशील दारापर्यंत आला. गल्लीत ऊन रखरखत होतं.

"मला नीलगिरीत काम मिळतंय," तो म्हणाला. "तिथल्या डोंगरांत चष्मेवाल्याचे भाऊबंद आहेत. यंत्रं आवाज टिपतात. पडद्यावर त्याची चित्रं उमटतात, ती फक्त वाचायची. कान लागत नाहीत." तो थांबला. "मी नाही म्हणून कळवणार होतो. अजूनही कळवीन. तुझ्या नानांचं मी ऐकणार नाही, आईचंही नाही. तू फक्त म्हण, दिपमाला. आत्ता. थांब म्हण. मी थांबतो."

तिने गाडीकडे पाहिलं. आयुष्यभर गाडी चालवलेला तिचा बाप स्टिअरिंगवर डोकं टेकवून बसला होता. पाठ हलत होती.

तिने तोंड उघडलं.

प्रशील तिच्या ओठांकडे बघत होता. किती जीव एकवटून बघत होता! पण तिथे वाचायला काहीच आलं नाही.

शेवटी तोच म्हणाला, "जा. नाना उन्हात बसलेत."

पारोळ्याच्या पुढे नानांनी गाडी रस्त्याकडेला घेतली. "मी तुहं वाटोळं केलं का, बेटा?" त्यांनी विचारलं. दिपमालाने मांडीवरच्या साडीची घडी नीट केली. ट्रक जात होते, येत होते.

*

प्रशील गेला. सुरुवातीला फोन यायचे. मग फोनवरचं बोलणं त्याला कळेनासं झालं. मग नुसते निरोप, तेही हळूहळू विरळ झाले. 'इथे धुकं असतं.' 'आज खूप चष्मेवाले दिसले.' 'कशी आहेस?' ती लिहायची, 'बरी.' एवढासा शब्द लिहायला तिला अख्खी संध्याकाळ लागायची.

घरात स्थळं आली. दिपमालाने एकेकाला नकार दिला. नानांनी आग्रह केला नाही. धुळ्याहून परतल्यापासून त्यांनी गाडीच बाहेर काढली नव्हती. वर्ष उलटलं, दुसऱ्या फाल्गुनात पळस फुलून गेला, पालला कोणी गेलं नाही.

वैशाखातल्या एका रविवारी दिपमालाने पर्स उचलली आणि म्हणाली, "धुळ्याला जाऊन येते. त्यांचं मशीन तपासायचं राहिलंय."

नानांनी चपला घातल्या. "स्टँडपर्यंत सोडतो," एवढंच म्हणाले. एस.टी. सुटेपर्यंत ते खिडकीखाली उभे होते. काहीतरी म्हणायचं होतं त्यांना. गाडी हलली तेव्हा म्हणाले, "त्यायले... माहा नमस्कार सांग."

सविताबाईंनी दार उघडलं. तिच्याकडे पाहिलं. ती हसत नव्हती. तरी त्या बाजूला सरल्या. "ये."

मशीन ठणठणीत होतं. तरी दिपमालाने ते पुसलं, नळी बदलली, उगीच पुन्हा पुन्हा तपासलं.

"त्याचा फोन येतो का?" तिने शेवटी विचारलं.

"फोन येस ना. दर रविवारे. मी बोलस ते त्याले ऐकू येत नही, तो बोलस ते माले समजत नही." सविताबाई हसल्या आणि डोळे पुसले. "दोन्हीजन नुसता एकमेकनं तोंड देखत बसतस. तो आते तठेच ऱ्हावाना म्हने. अजून तीन वरीस."

दिपमाला ऐकत राहिली. तीन वर्षं.

चहा होईतो फोन वाजला. सविताबाईंनी पडद्याकडे पाहिलं आणि फोन तिच्या हातात दिला. "मी दूध देखस," म्हणत त्या आत गेल्या. दूध केव्हाच उतरवून ठेवलं होतं.

पडद्यावर प्रशील होता. मागे धुक्याचा पांढरा पडदा. वाळला होता. कानांत मशिनं नव्हती. आईच्या जागी तिला बघून त्याचा चेहरा थबकला.

"ऐकू येतंय?" तिने विचारलं.

त्याने मान हलवली. नाही. मग म्हणाला, "पण दिसतेस." त्याचा आवाज बदलला होता, स्वतःला ऐकू न येणाऱ्या माणसाचा असतो तसा, थोडा मोठा, थोडा सपाट.

तिने फोन खिडकीजवळ नेला, चेहऱ्यावर उजेड येईल असा धरला. नाना बोलायचे तसे एकेक शब्द सुटे करून ती म्हणाली, "त्या दिवशी... मी काही म्हटलं नाही."

तो वाचत होता.

"आता... उशीर झाला ना?"

"झाला," तो म्हणाला. तो कधीच तिच्याशी खोटं बोलला नव्हता. "मी इथे सही केलीय. आणि आता मला तुझा आवाजही आठवत नाही, दिपमाला. खूप प्रयत्न केला."

तिने फोन दोन्ही हातांनी घट्ट धरला.

पलीकडे तो पडद्याच्या अगदी जवळ आला होता. डोळे तिच्या ओठांवर.

"तरी म्हण. त्या दिवशी राहिलेला शब्द," तो म्हणाला.

आणि दिपमालाने म्हटलं.